आवाजाची जोपासना : एका चुकीच्या निमित्ताने

आम्ही नंदुरबार जिल्ह्यातल्या एका महाविद्यालयात पदवीच्या वर्गांना मराठी शिकवतो. तिसऱ्या वर्षाच्या विद्यार्थ्यांना आमच्याकडे एक निबंध वर्गासमोर उभे राहून वाचावा लागतो. काही वर्षांपूर्वी रनाळ्याहून येणारी एक विद्यार्थिनी असा निबंध वाचत होती. रनाळे हे नंदुरबार आणि दोंडाईचा यांच्या मधले गाव. तिच्या घरची भाषा अहिराणी, निबंधाचा विषय बहिणाबाई चौधरी. पहिल्याच परिच्छेदात 'शाळा' हा शब्द आला आणि तिच्या तोंडून तो 'शाया' असा उतरला. आमच्यापैकी एकाने तिला तेथेच थांबवून 'ळ' दुरुस्त केला. तिने तो शब्द पुन्हा वाचला. पुढे 'डोळे' आला, 'काळ' आला, 'सगळे' आला. प्रत्येक 'ळ'पाशी ती अडखळू लागली, आणि थोड्या वेळाने जेथे 'ळ' नव्हता तेथेही. तिसऱ्या पानापर्यंत तिचा आवाज पहिल्या बाकापलीकडे पोहोचेनासा झाला. शेऱ्याच्या रकान्यात आम्ही लिहिले : 'आवाज क्षीण. आत्मविश्वास कमी.'

त्याच वर्षी आखाजीला एका विद्यार्थ्याच्या घरच्या आमंत्रणावरून आम्ही रनाळ्याला गेलो. अक्षय्य तृतीयेला खानदेशात आखाजी म्हणतात. सासुरवाशिणी माहेरी येतात, निंबाच्या झाडांना झोके बांधले जातात आणि गौराईची गाणी होतात. एका झोक्यावर तीच मुलगी उभी होती. गाणे ती सांगत होती आणि खालच्या दहा-बारा जणी ते उचलत होत्या. तिचा शब्द न् शब्द गल्लीच्या दुसऱ्या टोकाला, जेथे आम्ही उभे होतो तेथे, स्वच्छ ऐकू येत होता. तिच्या आईला आम्ही म्हटले की वर्गात ही बोलतच नाही. त्या माउलीला ते खरेच वाटेना. ''ती ते घरमा दिनभर बोलस,'' एवढेच ती म्हणाली.

म्हणजे आमच्या शेऱ्यातला पहिला भाग सरळसरळ खोटा होता, आणि दुसरा भाग खरा असला तर त्याचे कारण आम्हीच होतो. स्पष्ट आवाज आणि प्रमाण उच्चार या दोन निराळ्या गोष्टी आहेत. आम्ही त्या एकच समजलो होतो. ही गल्लत फक्त आमची, की आमच्या आधीही कोणी केली होती? आवाजाला वळण लावण्याचा जो इतिहास आपल्याकडे आहे, तो या प्रश्नाच्या संदर्भात पुन्हा वाचावा असे आम्हांला वाटले. त्या वाचनाचा हा वृत्तान्त आहे.

जुने ग्रंथ काय पाहतात?

आवाजाविषयीचा आपल्याकडचा सर्वांत जुना शिस्तबद्ध विचार शिक्षाग्रंथांत सापडतो. 'पाणिनीय शिक्षा' चांगल्या पाठकाचे सहा गुण सांगते : माधुर्य, अक्षरांची स्पष्टता, पदे योग्य ठिकाणी तोडणे, सुस्वरता, धैर्य आणि लय सांभाळण्याचे सामर्थ्य. अधम पाठकही सहा प्रकारचे : गाऊन वाचणारा, घाईने वाचणारा, डोके हलवणारा, लिहिलेले पाहून वाचणारा, अर्थ न कळता वाचणारा आणि दुबळ्या कंठाचा. व्यंजने कशी उच्चारावीत यासाठी तेथे दिलेला दृष्टान्त प्रसिद्ध आहे. वाघीण आपली पिले दातांत धरून नेते तेव्हा ती पडूही देत नाही आणि त्यांना दातही लागू देत नाही. अक्षरांचेही तसेच असावे.

या यादीत 'धैर्य' आहे हे आमच्या लक्षात पूर्वी कधी आले नव्हते. शिवाय सदोष उच्चारणाच्या यादीत ही शिक्षा 'शंकित' आणि 'भीत' यांचा समावेश करते. भीती हा पाठाचा दोष मानला गेला होता; म्हणजे तो काढता येतो, आणि तो काढणे हे शिकवणाऱ्याचे काम आहे, असे त्यात गृहीत होते.

अर्थात शिक्षाग्रंथांची बाजू एकतर्फी मांडणे योग्य होणार नाही. हे ग्रंथ वेदपठणासाठी आहेत. तेथे एक स्वर चुकला तरी अनर्थ होतो अशी समजूत होती, आणि ते पठण करण्याचा अधिकार समाजातल्या फारच थोड्यांना होता. उच्चाराची शुद्धी आणि उच्चारणाऱ्याची जात यांची सांगड तेथेच घातली गेली. आमच्या वर्गातल्या गल्लतीचे एक मूळ असे बरेच दूरवर जाते.

नाट्यशास्त्राची वाट मात्र वेगळी आहे. भरताला राजा, विदूषक, दासी, व्यापारी अशा नाना पात्रांना एकाच रंगमंचावर बोलते करायचे होते. त्यामुळे तो मागधी, अवंतिजा, प्राच्या, शौरसेनी, अर्धमागधी, बाह्लीका आणि दाक्षिणात्या अशा सात भाषांची नोंद करतो. कोणी संस्कृत बोलावे आणि कोणी प्राकृत, यात सामाजिक उतरंड आहेच. पण आवाजाचे शास्त्र सांगताना तो ही उतरंड मध्ये आणत नाही. उर, कंठ आणि शिर ही आवाजाची तीन स्थाने. उच्च, दीप्त, मंद्र, नीच, द्रुत आणि विलंबित हे पाठ्याचे सहा अलंकार. वाक्याचा अर्थ पुरा झाला की अजून काही अपेक्षित आहे हे स्वराने दाखवणारा काकू. हे सगळे बोलणाऱ्याची भाषा कोणती यावर अवलंबून नाही. दूरच्याला हाक मारायची तर शिरस्थानातून, जवळच्याशी बोलायचे तर खालच्या स्थानांतून, हा त्याचा नियम शौरसेनीलाही लागू आणि संस्कृतलाही. झोक्यावरची मुलगी गल्लीच्या टोकापर्यंत आवाज नेत होती तेव्हा ती हाच नियम पाळत होती. तिला तो कोणी सांगितला नव्हता.

तिसरा ग्रंथ आपल्या भूमीतला आहे. 'संगीतरत्नाकर' तेराव्या शतकाच्या पूर्वार्धात देवगिरीला, सिंघण यादवाच्या राजवटीत लिहिला गेला. कर्ता शार्ङ्गदेव हा राज्याच्या हिशेबखात्यातला मोठा अधिकारी. त्याचे आजोबा काश्मीरहून दक्षिणेत आले होते. तो स्वतःला 'निःशंक' म्हणवून घेई. ग्रंथाच्या प्रकीर्णकाध्यायात आवाजाची जितकी बारीक वर्गवारी आहे तितकी पुढे कित्येक शतके कोणी केली नाही. आवाजाचे खाहुल, नाराट, बोंबक आणि मिश्रक हे प्रकार तो कफ, पित्त, वात आणि त्यांच्या मिश्रणाशी जोडतो. आवाजाचे पंधरा गुण सांगतो. त्यांत 'त्रिस्थानक' म्हणजे तिन्ही सप्तकांत सारखाच टिकणारा, आणि 'श्रावक' म्हणजे दूरवर ऐकू जाणारा. गायकाचे दोष तो पंचवीस सांगतो. दात आवळून गाणारा, मान वाकडी करणारा, तोंड भेसूर वासणारा, डोळे मिटून घेणारा, नाकात गाणारा, अक्षरे अस्पष्ट ठेवणारा. आणि याच रांगेत 'भीत', म्हणजे भिऊन गाणारा.

शार्ङ्गदेवाची 'शारीर' ही कल्पना येथे विचारात घेतली पाहिजे. अभ्यास न करताही राग प्रकट करण्याची जी शक्ती एखाद्या आवाजात असते, तिला तो शारीर म्हणतो, कारण ती शरीराबरोबरच जन्माला येते. या कल्पनेवर बोट ठेवून 'आवाज ही देणगीच असते' असे म्हणणारे पुष्कळ भेटतात. पण मग त्याच ग्रंथात पंचवीस दोषांची यादी कशाला? जे बदलता येत नाही त्याची अशी छाननी कोणी करत नाही. देणगी आणि मेहनत या दोन्हींना शार्ङ्गदेवाने आपापली जागा दिली होती, असेच त्यावरून म्हणावे लागते.

शाळेबाहेरची शाळा

संस्कृत ग्रंथ किती जणांनी वाचले असतील? मराठी माणसाचा आवाज मुख्यतः घडला तो जात्यावर, शेतात, देवळाच्या सभामंडपात आणि फडावर. जात्यावरची ओवी ही श्वासाची शिस्त आहे. जात्याचा फेरा आणि ओवीचा चरण यांची सांगड बसवावी लागते. श्वास कोठे घ्यायचा हे हात ठरवतो. खानदेशात कानबाईच्या उत्सवातली आणि आखाजीची गाणी बायका तासन्‌तास खुल्या आवाजात म्हणतात. बहिणाबाईंची कविता अशाच कामाच्या आणि गळ्याच्या शाळेत तयार झाली. १९५१ साली त्या गेल्या, आणि त्यानंतरच्या वर्षी त्यांची गाणी पुस्तकरूपाने आली. त्यांना अक्षरओळख नव्हती, पण शब्द कोठे तोडावा हे त्यांना पक्के ठाऊक होते.

कीर्तनकाराला हजारो माणसांपुढे, उघड्यावर, दोन-अडीच तास उभे राहावे लागे. ध्वनिक्षेपक नव्हता. त्याने आवाजाची एक व्यवस्थाच तयार केली. मागे टाळकरी उभे राहतात; चरण कीर्तनकाराने सांगायचा आणि त्यांनी उचलायचा, म्हणजे तेवढा वेळ त्याच्या गळ्याला विसावा. निरूपण खालच्या पट्टीत, प्रमाण वरच्या पट्टीत. शाहिराच्या मागे झीलकरी असतात तेही याच कारणाने. आखाजीच्या झोक्याखालच्या दहा-बारा जणी म्हणजे त्या मुलीचे झीलकरीच होते.

या परंपरेला विसाव्या शतकात विद्यालयाचे रूपही मिळाले. विष्णुबुवा जोग यांनी १९१७ साली आळंदीला वारकरी शिक्षण संस्था स्थापन केली. खेड्यापाड्यांतून, शेतकऱ्यांच्या घरांतून आलेली मुले तेथे अभंग पाठ करू लागली, चाली शिकू लागली, निरूपणाला उभी राहू लागली. आपल्या विद्यापीठांतल्या मराठी विभागांनी जे काम फारसे हाती घेतले नाही, ते या संस्थेने शंभर वर्षांहून अधिक काळ चालवले आहे. ग्रामीण तरुणाला लोकांसमोर उभे राहून, न भिता, अर्थ कळून बोलायला शिकवणे, हे ते काम.

बोलीच्या संदर्भात गाडगेबाबांचे उदाहरण सर्वांत बोलके ठरावे. १८७६ ते १९५६ हा त्यांचा काळ. बाबा वऱ्हाडीत बोलत आणि श्रोत्यांना प्रश्न विचारत. श्रोत्यांनी एकमुखाने उत्तर दिले की पुढचा प्रश्न. त्यांच्या अखेरच्या वर्षात मुंबईत झालेल्या एका कीर्तनाचे ध्वनिमुद्रण उपलब्ध आहे. ते आम्ही वर्गात ऐकवतो. एकही शब्द हरवत नाही. विराम नेमके आहेत, वाक्ये लहान आहेत, आवाज कोठेही ताणलेला नाही. आणि त्यातले उच्चार प्रमाण मराठीचे नाहीत. स्पष्टतेसाठी प्रमाण उच्चार आवश्यक असते, तर हे कीर्तन कोणालाच कळले नसते.

खानदेशापुरते बोलायचे तर आणखी एक प्रसंग नोंदवला पाहिजे. १९३२ साली फेब्रुवारी ते जून या काळात धुळ्याच्या तुरुंगात विनोबांनी दर रविवारी गीतेवर प्रवचन केले. अठरा अध्यायांवर अठरा प्रवचने. सोबतचे कैदी ऐकत होते आणि साने गुरुजी लिहून घेत होते. 'गीता प्रवचने' हे मराठीतले फार मोठ्या प्रमाणावर वाचले गेलेले पुस्तक अशा रीतीने आधी बोलले गेले आणि मग लिहिले गेले. त्यातली वाक्ये आजही मोठ्याने वाचली तर श्वास पुरतो. ती समोरच्या माणसाला ऐकू जावीत म्हणून बांधलेली आहेत, हे वाचताना जाणवते.

रंगभूमी, विद्यालय आणि आरसा

१८८० साली अण्णासाहेब किर्लोस्करांचे 'शाकुंतल' पुण्याला रंगभूमीवर आले आणि संगीत नाटकाचे युग सुरू झाले. आवाजाच्या इतिहासात या घटनेचा परिणाम दुहेरी आहे. गाणारा नट आता बंदिस्त नाट्यगृहातल्या शेवटच्या रांगेतल्या प्रेक्षकासाठी गाऊ लागला. भाऊराव कोल्हटकर किंवा पुढे केशवराव भोसले यांच्या उंच, तडफदार आवाजाची जी ख्याती झाली, तिच्यामागे ही गरज होती. दुसरा परिणाम असा, की लोकांना अनुकरणासाठी आदर्श आवाज मिळाले. ८ जुलै १९२१ रोजी मुंबईत टिळक स्वराज्य फंडासाठी बालगंधर्व आणि केशवराव भोसले यांनी एकत्र 'मानापमान' केले, ते मराठी रंगभूमीवर दंतकथेसारखे सांगितले जाते. त्या एका रात्री दोन अगदी वेगळ्या जातींचे आवाज शेजारी शेजारी उभे होते. तरी पुढच्या पिढ्यांतल्या कित्येकांनी आपला आवाज कोणत्या जातीचा आहे हे न तपासता एकाची किंवा दुसऱ्याची नक्कल केली. स्वतःच्या पट्टीबाहेर गाऊन गळे बसवून घेतले.

याच काळात संगीतशिक्षणही बदलत होते. विष्णु दिगंबर पलुसकरांनी १९०१ साली लाहोरला गांधर्व महाविद्यालय सुरू केले, १९०८ मध्ये मुंबईला. गुरूच्या घरात एकेकट्याला मिळणारी विद्या आता वर्गात, ठरावीक क्रमाने, पुस्तकांच्या मदतीने मिळू लागली. गाणे मध्यमवर्गीय घरांत गेले ते या मार्गाने. वर्गाची एक अडचणही होती. तीस मुले एका पेटीच्या एकाच पट्टीत गातात तेव्हा प्रत्येकाच्या गळ्याची स्वाभाविक पट्टी कोणती, हे पाहायला सवड राहत नाही.

या अडचणीचा जिद्दीने विचार करणाऱ्यांत पलुसकरांचेच शिष्य बी. आर. देवधर अग्रगण्य होते. त्यांनी १९२५ साली मुंबईत स्कूल ऑफ इंडियन म्युझिक ही संस्था काढली. पाश्चात्त्य संगीताचे शिक्षण घेतल्यामुळे तिकडच्या आवाजशास्त्राची त्यांना ओळख होती. त्या शास्त्राची हकीकतही ऐकण्यासारखी आहे. मान्युएल गार्सिया हा स्पॅनिश गायनशिक्षक. १८५४ साली त्याने दंतवैद्याचा लहान आरसा घशात धरून, त्यावर सूर्यप्रकाश पाडून, स्वतःचे स्वरतंतू गाताना हलताना पाहिले, आणि पुढच्याच वर्षी लंडनच्या रॉयल सोसायटीपुढे त्याविषयीचा निबंध सादर झाला. आवाज कोठून येतो हे जिवंत माणसात प्रत्यक्ष पाहण्याची वाट एका गाणे शिकवणाऱ्याने मोकळी केली. देवधरांनी या दृष्टीचा उपयोग हिंदुस्थानी गळ्यासाठी केला. श्वास, जबडा, जीभ आणि घसा यांतला ताण आधी पाहायचा, राग त्यानंतर.

आवाजाच्या इतिहासात मोडलेले आवाजही मोजावे लागतात. जयपूर-अत्रौली घराण्याचे प्रवर्तक अल्लादियाखाँ यांचा आवाज एका संस्थानात सतत गावे लागल्यामुळे गेला होता. तो परत आला, पण पहिल्यासारखा नाही. त्या बदललेल्या आवाजाला पेलेल अशी नवी गायकी त्यांनी घडवली, असे संगीताचे अभ्यासक मानतात. देवधरांचे शिष्य कुमार गंधर्व क्षयाने आजारी पडले. १९४८ च्या सुमारास देवासला जाऊन राहिले. काही वर्षे गाणे पूर्ण बंद होते. १९५३ च्या सुमारास ते पुन्हा गाऊ लागले तेव्हा एक फुप्फुस जवळजवळ निकामी झालेले होते. लांब पल्ल्याच्या ताना त्या छातीला परवडणाऱ्या नव्हत्या. लहान, तुटक, अर्थाने भरलेल्या स्वरवाक्यांची जी मांडणी पुढे त्यांची ओळख झाली, तिच्यात या श्वासाचा वाटा आहे. नवा विचार आजाराने दिला असे आम्ही म्हणत नाही. तो त्यांच्याजवळ आधीपासून होता. पण आपल्या श्वासाची लांबी ओळखून त्यांनी आपले वाक्य बेतले, हे नक्की. या दोघांनी आपल्या जुन्या किंवा दुसऱ्या कोणाच्या आवाजाचा हट्ट धरला असता, तर काय झाले असते?

'शुद्ध' हा शब्द कोठून आला?

आता पुन्हा आमच्या 'ळ'कडे वळू. इंग्रजी अमदानीत मराठीचे कोश आणि व्याकरणे तयार झाली. मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश १८३१ चा. दादोबा पांडुरंग तर्खडकरांचे 'महाराष्ट्र भाषेचे व्याकरण' १८३६ चे. शाळाखात्याला एकच मराठी हवी होती, आणि ती पुण्याकडच्या शिक्षित वर्गाच्या मराठीवरून घेतली गेली. छपाईसाठी, परीक्षेसाठी आणि कारभारासाठी अशा एका भाषेची गरज होती हे कोणी नाकारणार नाही. अडचण झाली ती पुढे. लिहिण्यासाठी केलेला हा करार हळूहळू बोलण्याचा आणि मग आवाजाचा निकष झाला. मास्तर 'मोठ्याने वाच' म्हणत आणि 'शुद्ध वाच' म्हणत, आणि मुलाला या दोन सूचना एकच वाटत. मुंबईत जुलै १९२७ मध्ये नभोवाणी केंद्र सुरू झाले, आणि कालांतराने बातम्यांची मराठी घराघरांत पोहोचली. चांगला आवाज म्हणजे तो आवाज, ही समजूत त्यामुळे आणखी घट्ट झाली.

ग्रिअर्सनने भारतीय भाषांच्या सर्वेक्षणात खानदेशीची नोंद मराठीच्या खंडात केलीच नाही. १९०७ साली निघालेल्या नवव्या खंडाच्या तिसऱ्या भागात, भिली भाषांबरोबर, त्याने तिला जागा दिली. हे वर्गीकरण बरोबर की चूक याविषयी मतभेद आहेत. आमच्यापुरते महत्त्वाचे एवढेच, की 'ळ'च्या जागी 'य' येणे हा तेथे भाषेचा नियम म्हणून नोंदवण्याचा विषय आहे. नियमाने होणाऱ्या उच्चाराला 'चूक' म्हणायचे असेल तर ती कोणत्या भाषेतली चूक, हे आधी सांगावे लागते. जीभ मागे वळवून टाळूला लावण्याची ती हालचाल त्या मुलीच्या भाषेत नव्हती. तिला ती शिकायची होती, जशी आम्हांला इंग्रजी शिकताना काही हालचाली शिकाव्या लागल्या. तिच्या आवाजाशी या गोष्टीचा काडीचाही संबंध नव्हता.

जोपासना

आवाजाच्या शिक्षणाला मराठीत 'आवाज-जोपासना' हा शब्द वापरला जातो. हा विचार गायक, नट आणि वक्ता या तिघांसाठी एकत्र मांडण्याचे मोठे काम डॉ. अशोक दा. रानडे यांनी केले. १९३७ ते २०११ हे त्यांचे आयुष्य. देवधरांकडे ते शिकले होते. मुंबई विद्यापीठाच्या संगीत केंद्राचे ते पहिले संचालक. संगीताबरोबर साहित्याचाही त्यांचा व्यासंग होता. भाषण आणि गायन यांच्यामध्ये आपण जी भिंत घालतो ती त्यांनी घातली नाही. 'भाषणरंग' या त्यांच्या पुस्तकाचे नावच ते सांगते.

जोपासना हा शेतातला शब्द आहे. रोप जोपासायचे म्हणजे पाणी द्यायचे, तण काढायचे, ऊन-वारा पाहायचा. कपाशीच्या रोपाला मिरची व्हायला सांगायचे नाही. आवाजाच्या बाबतीत याचा अर्थ अगदी व्यवहारातला आहे. उभे राहताना गुडघे आणि खांदे मोकळे हवेत. श्वास खांदे वर न उचलता, पोटाजवळच्या बरगड्या बाजूला पसरतील असा घ्यावा. ओठ मिटून गुंजन केले की आवाज घशात न अडकता चेहऱ्याच्या पुढच्या भागात घुमू लागतो. स्वतःची बोलण्याची स्वाभाविक पट्टी शोधावी. वर्गावर ओरडणारे आमच्यासारखे अनेक शिक्षक ती वर्षानुवर्षे ओलांडतात आणि संध्याकाळी घसा बसल्याची तक्रार करतात. वाक्य श्वासावर नव्हे, अर्थावर तोडावे, आणि श्वास त्याप्रमाणे बेतावा. शब्दाच्या शेवटचे व्यंजन गिळू नये. गवयाची पहाटेची खर्जसाधना, शिक्षाग्रंथातले पदच्छेद आणि कीर्तनकाराचे विराम यांचाच हा सारांश आहे. यातली एकही सूचना अहिराणी, वऱ्हाडी किंवा पावरी बोलणाऱ्याला लागू पडत नाही असे नाही.

आणि भीतीचे काय? ती गेली पाहिजे असे सांगून जात नाही. भ्यालेल्या माणसाचा श्वास वर चढतो, जबडा आवळतो, जीभ मागे ओढली जाते. म्हणजे चांगल्या आवाजासाठी जे जे हवे त्याच्या नेमके उलट घडते. शार्ङ्गदेवाने 'भीत' हा दोष 'दात आवळून गाणाऱ्या'च्या रांगेत का बसवला असेल, ते येथे उमगते. एखाद्याला मध्येच थांबवून त्याचा उच्चार दुरुस्त करणारा शिक्षक हा दोष आपल्या हाताने पेरत असतो.

आखाजीनंतर आम्ही दोन गोष्टी बदलल्या. आता वर्षाच्या सुरुवातीला पहिले काही तास विद्यार्थी व्हरांड्याच्या दोन टोकांना उभे राहतात आणि आपापल्या घरच्या भाषेत एकमेकांशी बोलतात : बाजारभाव, पाऊस, कालचे भांडण, जे सुचेल ते. पलीकडच्याने ऐकलेले परत सांगायचे. सगळ्यांचा आवाज पलीकडे पोहोचू लागला की मग तेच प्रमाण मराठीत. 'ळ', 'ण' आणि 'श' यांचा सराव होतो, पण वेगळ्या तासाला, जिभेच्या कवायतीसारखा, सर्वांनी मिळून. त्यात अहिराणीचे उच्चार येत नसलेल्या मुलांना तेही शिकावे लागतात, आणि तेव्हा हसण्याची पाळी दुसऱ्या बाजूची असते. दुसरे म्हणजे, कोणी वाचत असताना आम्ही मध्ये बोलत नाही. जे सांगायचे ते वाचन संपल्यावर.

याने सगळे बोलके झाले असा आमचा दावा नाही. काही मुले अजूनही कागदात तोंड घालून वाचतात. शिक्षाग्रंथाने लिहिलेले पाहून वाचणाऱ्याला अधम म्हटले आहे आणि आमच्या परीक्षापद्धतीने त्यालाच गुण दिले आहेत. ही अडचण एका महाविद्यालयाने सुटणारी नाही. ती विद्यार्थिनी पदवी घेऊन बाहेर पडली. निकालाआधी आम्ही तिचा शेरा बदलला, आणि तो का बदलला हे तिला सांगितले. तिने ऐकून घेतले. मग आखाजीच्या गाण्यातला एक शब्द तिने आम्हांला म्हणून दाखवायला सांगितला. आमच्यापैकी एकालाही तो नीट म्हणता आला नाही.